तीन सारखी रीडिंग

७ एप्रिल, सोमवार
निर्णय झाला. अक्षरा बारावीला लातूरला जाणार नाही. मुरुडातच राहील आणि तिला केमिस्ट्री मी शिकवीन. मी बी.एस्सी. केमिस्ट्री, नांदेड, सेकंड क्लास. पदवी आमच्या कृषी सेवा केंद्रात औषधविक्रीच्या परवान्याशेजारी टांगलेली आहे. निम्मे शेतकरी तिच्याकडं बघूनच फवारणीचा सल्ला मानतात.

बायको अंजू म्हणाली, लेकीची क्लासची बॅच तोंडावर आली अन् हे काय काढलाव नवीन? अंजूला सायन्स नव्हतं, म्हणून वाद घातला नाही.

एकुलती पोरगी डोळ्यासमोरून जाऊ नये वगैरे असलं काही नाही. प्रश्न क्वालिटीचा आहे.

८ एप्रिल
पहिला धडा, टायट्रेशन. ॲसिडमध्ये बेस थोडा थोडा सोडायचा, दोघं एकमेकांना मारतात, पीएच सातवर येतो. आलेख काढून दाखवला. सरळ रेघ. निम्मा बेस टाकला की पीएच चार. सोपं.

अक्षरानं पुस्तक उघडलं. त्यात रेघ बराच वेळ खालीच लोळते आणि मग एकदम उभी चढते. म्हणाली, अप्पा, दहातले नऊ मिली टाकले तरी पीएच सव्वादोनच ऱ्हातो. लॉगचं गणित हाय ते.

छपाईची चूक. हल्ली पुस्तकं तपासतो कोण?

९ एप्रिल
आता प्रॅक्टिकलनंच दाखवतो. लातूरला जाऊन ब्युरेट, पिपेट, स्टँड, फ्लास्क आणि तयार द्रावणांच्या बाटल्या आणल्या. सामान लातूरहून आणणं वेगळं, पोरगी लातूरला पाठवणं वेगळं.

अक्षरासमोर जाहीर केलं. २० तारखेपर्यंत लागोपाठ तीन सारखी रीडिंग, म्हणजे सी.बी.आर., काढून दाखवीन. काढलं तर तू इथंच राहायचं. ती काही बोलली नाही. म्हणजे मान्य.

११ एप्रिल, दुपार
आंघोळ, लिंगपूजा, कपाळावर ठसठशीत विभूती, मग प्रयोग. दुकानामागच्या खोलीत, पंख्याखाली. पिपेट तोंडानं ओढताना द्रावण जिभेला लागलं. आंबट. ॲसिड अस्सल आहे, खात्री झाली.

दहा मिली ॲसिड, रंग बदलून खूण देणारं दोन थेंब फिनॉल्फ्थॅलिन, वरून कॉस्टिक सोडा, म्हणजे बेस. दोन्ही एकाच ताकदीचे, म्हणजे उत्तर दहाच यायला पाहिजे. आलं ९.४. मग ९.१. मग ८.८. आणि मी फ्लास्कवर वाकून अगदी जवळून बघत होतो. माल निकृष्ट, दुसरं काय?

शेजारचा भांडीवाला शिवलिंग डोकावून म्हणाला, मन्मथअप्पा, दारू गाळायलाव काय? दुर्लक्ष केलं. शास्त्रज्ञाला शेजार नेहमी असाच मिळतो.

१३ एप्रिल
श्रद्धा कमी पडत असेल. आज विभूती दुप्पट लावली. उकाडा भयंकर, घाम पुसत पुसत रीडिंग घेतली. ८.३. ७.९. ७.६.

पीएच पेपरही लावून पाहिला. पाच मिलीला चार दाखवायला पाहिजे होता. लालभडक, जेमतेम दीड. पेपरही निकृष्ट.

एक जण उन्हाळी भुईमुगावर काय मारू म्हणून विचारत होता. त्याला म्हणालो, थांब, एंड पॉइंट जवळ आलाय. तो समोरच्या दुकानात गेला. अडाणी लोक.

१६ एप्रिल
आज कपाळ भरून विभूती. तरी ६.४.

लातूरच्या दुकानदाराला फोनवर झाडलं. म्हणाला, साहेब, आजवर एक तक्रार न्हाई, तुमचीच पहिली. मी म्हणालो, पहिलं असणं हा काही गुन्हा नाही. अंजू म्हणते, गिऱ्हाईक परत जायलंय, दुकान बघा. बघू. चार दिवस आहेत.

१७ एप्रिल
अक्षरा मागं उभी राहून बघत होती. हसू दाबत म्हणाली, अप्पा, तुमची विभूती फ्लास्कमधी पडायलीय.

मी म्हणालो, विभूती पवित्र असते, ती केमिकल नाही.

तिनं वेगळ्या फ्लास्कात ॲसिड घेतलं आणि चिमूटभर टाकली. फसफसलं. म्हणाली, राख बेसच असती न्हवं? थोडं ॲसिड ती आधीच मारती, मग कॉस्टिक कमी लागतं. जेवढी जास्त लावताव, तेवढं रीडिंग खाली.

आठवडाभर मी यश मागत होतो आणि देव थेट फ्लास्कात उतरत होता. यात माझी चूक नाही. देवाचीही नाही. पंख्याची आहे.

२० एप्रिल, रविवार, सकाळ
कपाळावर उपरणं घट्ट बांधलं. विभूती आत, सुखरूप. पंखा बंद. नऊ मिली गेले, काही नाही. साडेनऊ गेले, तरी काही नाही. मग शेवटच्या एका थेंबात सगळा फ्लास्क फिकट गुलाबी. १०.०. परत १०.०. परत १०.०!

अक्षरानं टाळ्या वाजवल्या. पुस्तकातली रेघही बरोबर असू शकते, हे मी मोठ्या मनानं मान्य केलं. मग म्हणालो, ठरल्याप्रमाणं तू आता इथंच.

टाळ्या थांबल्या.

दुपार
अंजूनं सांगितलं. लातूरची खोली संक्रांतीलाच ठरलीय. बॅगही भरून तयार आहे. अक्षरा म्हणाली, अप्पा, पैज तुमीच लावलाव, मी कुठं हाव म्हणले? मग हळू आवाजात म्हणाली, तुमी लई मन लावून करायलाव, मोडू वाटलं न्हाई.

राग आला. मग दुकानामागं जाऊन रडलो. ही वही कुणी वाचत नाही म्हणून लिहितो. मला ती घरात पाहिजे. क्वालिटीबिलिटी सगळं खोटं.

२१ एप्रिल
मी स्वतः लातूरला सोडून आलो. निर्णय माझाच होता, याची इथं नोंद करून ठेवतो. खोलीतला पंखा लावून पाहिला. बरा आहे.

२२ एप्रिल
हरलो असं कुणी समजू नये. नवा प्लॅन. आता ऑरगॅनिक फोनवरून शिकवणार, रोज संध्याकाळी. शिवलिंगलाही सांगून टाकलं. दुकान लवकर बंद केलं, बेंझिनचं पान उघडून फोन मांडीवर घेऊन बसलो.

फोन आला. पहिल्या रिंगला उचलला. म्हणाली, अप्पा, जेवलाव का? म्हणालो, हाव. म्हटलं, हे बघ, बेंझिनमध्ये काय असतं...

म्हणाली, अप्पा, आईकडं द्या की.

दिला.