रायरेश्वरावर दोन कप चहा

अहो,

आईचं मोतीबिंदूचं ऑपरेशन अचानक उद्यावर आलंय, म्हणून मी लोणी काळभोरला निघालेय. तुम्ही आणि शेफाली, बापलेक दोघंच उद्या रायरेश्वरला जा. माझं कारण काढून बेत रद्द करू नका.

छोटा स्टोव्ह निळ्या पिशवीत आहे. मागच्या वेळी एका चहात गॅसचा अख्खा डबा संपवलात, म्हणून लिहून ठेवतेय. पठारावर वारा फार असतो, तेव्हा स्टोव्ह मोठ्या दगडाच्या आडोशाला लावा. पाणी दोनच कप घ्या, पातेलं भरू नका. ज्योत पातेल्याच्या बुडाबाहेर जाऊ देऊ नका, आपल्याला सह्याद्री तापवायचा नाहीये. आणि एकदा झाकण ठेवलंत की हात लावू नका. दर अर्ध्या मिनिटाला उघडून "अजून कसं उकळत नाही" म्हणत बसता, म्हणूनच ते उकळत नाही. उकळी आली की झाकण आपलं आपण वाजतं.

शेफालीने ठरलेलं लग्न मोडलं त्याला तीन आठवडे झाले. का मोडलं ते तिने मलाही सांगितलेलं नाही. काल जेवताना तुम्ही चार वेळा विचारलंत आणि ती पानावरून उठली. उद्या गाडीत नाही, चढताना नाही, वर गेल्यावरही नाही.

आलं किसून डबीत ठेवलंय. चहा झाला की कप तिच्या हातात द्या आणि शेजारी गप्प बसा. ती बोलायला लागलीच, तर तुमचा चहा गार होऊ द्या.

वैजयंती