पान सहापर्यंत

४ जानेवारी २००९, रविवार. चर्चहून परत आल्यावर.

स्वयंपाकघराच्या खिडकीवर वाफ धरली होती. ती पाहून १९७४ मधली ती बस आठवली. फेब्रुवारीतलं वादळ, बस तासभर जागच्या जागी, आत आम्ही सात-आठ जण. लॉर्नने आपलं चीज सँडविच मोडून मला मोठा तुकडा दिला. (मोठा. मी नीट पाहिलं होतं.) मग हातमोजा काढून त्याने काचेवर बोटाने पंचकोन काढला, आत एक चांदणी काढली, आणि चांदणीचं एकेक टोक पंचकोनाच्या एकेका कोपऱ्याला जोडलं. बराच वेळ काहीतरी बोलत होता. मी त्याच्या बोटाकडे बघत होते. शेवटचं वाक्य तेवढं ऐकलं. म्हणाला, हिला विसरलीस तर पस्तावशील, बर्नी.

पस्तीस वर्षं झाली. विसरलेली नाही.

गणित विभागात मी चौतीस वर्षं सेक्रेटरी होते. लॉर्न मॅकटॅगर्टचा प्रत्येक लेख मी टाइप केला. चांदणीबद्दल आम्ही दोघंही पुन्हा कधी बोललो नाही. तेव्हा एल्सा होती, त्याची बायको. चांगली बाई होती. आता तिला जाऊन सहा वर्षं झाली.

२१ मार्चला लॉर्न ऐंशी वर्षांचा होतो. विभागात पार्टी आहे. सगळे पुस्तकं आणि स्वेटर आणतील. मी प्रमेय देणार.

६ जानेवारी, मंगळवार.

प्रमेय असं. गावात प्रत्येक नाका तिठा आहे, म्हणजे तिथे तीनच रस्ते मिळतात. कुठलाही एक रस्ता बर्फाने बंद झाला तरी गावाचे दोन तुकडे होत नाहीत. अशा गावात घरून निघून, प्रत्येक नाक्यावर नेमकं एकदाच जाऊन, घरी परत येता येतं. म्हणजे सगळ्या नाक्यांचा एकच फेरा.

लॉर्न आयुष्यभर अशा फेऱ्यांच्या मागे होता. हे साधं वाक्य त्याने कधीच का लिहिलं नाही, याचं नवल वाटतं. मोठ्या माणसांच्या पायाखालचं राहून जातं.

संकल्प: रोज सकाळी दोन तास. बटर टार्ट बंद. कॉलीनला सांगायचं नाही.

११ जानेवारी, रविवार.

कॉलीनला सांगितलं. भाची आहे, फोनवर गप्प बसले तर तिला वाटतं मी पडले. ती म्हणाली, आत्या, तुला दहावीत गणितात किती होते गं? मी म्हटलं, कॉन्व्हेंटमध्ये सिस्टर परपेतुआ मुलींना गणित म्हणजे टेबलक्लॉथला किती कापड लागेल एवढंच शिकवायची, त्यात मी पहिली होते. ती म्हणाली, मग टेबलक्लॉथ दे ना त्यांना.

औषधाच्या दुकानात उभं राहून माणसाची कल्पनाशक्ती आटते. तिचा दोष नाही.

१९ जानेवारी, सोमवार.

लाकडी पाटीवर खिळे ठोकले. खिळा म्हणजे नाका, लाल लोकर म्हणजे रस्ता, निळी लोकर म्हणजे फेरा. आजवर एकवीस गावं केली. एकवीसच्या एकवीस जमली!

ज्या चित्रांत रस्ते एकमेकांवरून जातात ती वगळली, कारण लोकर गुंतते. सिद्धतेवर परिणाम नाही.

बटर टार्ट एक. खिळे ठोकणं हे शारीरिक काम आहे.

२ फेब्रुवारी, सोमवार.

एकेचाळीस गावं झाली. सगळी जमली. आता लिहायला बसले.

पद्धत अशी. कुठलाही छोटा फेरा घ्या. जो नाका बाहेर राहिला असेल, त्याला शेजारच्या रस्त्यातून आत ओढा. फेरा थोडा वाढतो. असं करत करत सगळे आत येतात. पान सातवर आज पहिल्यांदा लिहिलं: राहिलेला नाका आत येतो हे उघड आहे.

‘उघड आहे’ कुठे लिहायचं ते मला कुणी शिकवायला नको. चौतीस वर्षं टाइप केलं आहे. प्रोफेसर लोकांना एखादी पायरी सापडत नसली की ते हे दोन शब्द पहारेकऱ्यांसारखे दारात उभे करतात आणि पुढे जातात. माझ्या बाबतीत मात्र ते खरोखरच उघड आहे.

एकूण अकरा ठिकाणी उघड आहे.

११ फेब्रुवारी, बुधवार.

विभागात चहाला गेले. साडेतीनचा चहा अजून आहे, बिस्किटं मात्र कागदासारखी. माझ्या जागी आता नदीन बसते. चांगली मुलगी, पण टेबलावर एक कागद नाही. टेबल की विमानतळ?

सहज विचारलं, हिरवी फाइल अजून आहे ना? ती म्हणाली, वेड्यांची? आहे की, मिस हाइम्पल, तुमच्या विस्मरसाहेबांचं परवाच नवीन पाकीट आलंय. आम्ही दोघी पोट धरून हसलो.

एडगर विस्मर हे डेअरीचे निवृत्त इन्स्पेक्टर. एल्मायराला राहतात. दर हिवाळ्यात काहीतरी सिद्ध करून पाठवतात. सोबत चीज. अशा लोकांसाठी १९८६ साली मीच छापील पत्र तयार केलं होतं. त्याआधीचं पत्र फार तुसडं होतं. माझं असं: आपली सिद्धता पोचली. आमच्या तज्ज्ञांनी ती वाचली. पान ___ पर्यंत ती आम्हाला आवडली. विषयाची गोडी अशीच राहू द्या.

बिचारे विस्मर. माणसाला आपली मर्यादा कळू नये, याचं वाईट वाटतं.

चहा माझ्याच मगमधून प्यायले. निवृत्तीच्या दिवशी लॉर्नने दिलेला, पर्समध्ये घालून नेते. त्यावर आमची चांदणी आहे, पंचकोनात. त्या दिवशी सगळ्यांसमोर दिला त्याने, अगदी निर्लज्जपणे. कुणाला काही कळलं नाही.

२५ फेब्रुवारी, राखेचा बुधवार.

कपाळावर राख लावून थेट पोस्टात. सिद्धता गेली, तेवीस पानं. नाव फक्त बी. एम. हाइम्पल, पत्ता कॉलीनच्या दुकानाचा. विभागाने ती गुणवत्तेवर वाचावी. पुरुष समजले तर समजू देत. पार्टीच्या दिवशी कुणीतरी उठून विचारेल, हा हाइम्पल कोण? मग मी चहाची किटली खाली ठेवीन.

निळा ड्रेस काढून ठेवला. उपवासाच्या चाळीस दिवसांत बटर टार्ट बंद. या वेळी देवाला सांगून बंद.

४ मार्च, बुधवार.

उत्तर नाही. हे उत्तमच. वाईट सिद्धतेला दोन दिवस पुरतात, चांगलीला वेळ लागतो. नदीनला फोन केला, हवापाण्याचं विचारलं. ती आपणहून म्हणाली की हल्ली बाहेरून आलेली सगळी पाकिटं मॅकटॅगर्ट सर वाचतात. त्यांना घरी बसून कंटाळा येतो.

म्हणजे लॉर्नच वाचतोय. माझे शब्द, त्याच्या टेबलावर, त्याच्या दिव्याखाली. अकराही वेळा ‘उघड आहे’ वाचताना हसला असेल.

टार्ट एक. आनंदाच्या प्रसंगी चर्चची सूट असते. बहुतेक.

१२ मार्च, गुरुवार.

आलं!

कॉलीन पाकीट घेऊन आली आणि कोट न काढता उभी राहिली. छापील पत्र. माझंच. १९८६ चं, एक स्वल्पविरामही बदललेला नाही. रिकाम्या जागेत हिरव्या शाईने, लॉर्नच्या हाताने: ६. पान ६ पर्यंत ती आम्हाला आवडली.

कॉलीन म्हणाली, आत्या, सहा म्हणजे चांगलं का वाईट? मी म्हटलं, थांब. खाली त्याच शाईने छोटं चित्र होतं. पंचकोन. आत चांदणी.

म्हणजे त्याने ओळखलं! नाव लपवूनही. नुसत्या माझ्या अर्धविरामांवरून ओळखलं, आणि पस्तीस वर्षांनी उत्तर दिलं. छापील पत्र हे नदीनसाठी, चांदणी माझ्यासाठी. कॉलीन म्हणाली, मग सहा कशाला लिहिलंय? मी म्हटलं, ते प्रेमाचं ऑफिसकाम आहे, तुला नाही कळायचं. तिने माझ्या कपाळाला हात लावून पाहिला.

१३ मार्च, शुक्रवार. सकाळ.

कॉलीनचा प्रश्न डोक्यातून जाईना. सहा कशाला? मगमध्ये चहा ओतला. चांदणीकडे पाहत बसले. कोपरे मोजले. पाच बाहेर, पाच आत. दहा. प्रत्येक कोपऱ्याला तीन रेघा.

तिठे.

दुपार.

दहा खिळे ठोकले. लाल लोकर गुंतली, सोडवली. कुठलाही एक रस्ता काढून पाहिला, गाव तुटत नाही. म्हणजे प्रमेयाच्या सगळ्या अटी बसतात. निळी लोकर घेतली.

संध्याकाळ, पाच वाजता.

नऊ खिळे फेऱ्यात येतात. दहावा राहतो. त्याला पान सातप्रमाणे आत ओढलं की दुसरा बाहेर पडतो. दुसऱ्याला ओढलं की तिसरा. कुठलाही एक बाजूला ठेवा, उरलेले नऊ लगेच हात धरून गोल उभे राहतात, जणू त्याच्या जाण्याचीच वाट पाहत होते. दहाच्या दहा कधीच नाही.

हे चित्र मी किती वेळा शाईने काढलं असेल? साठ? सत्तर? लॉर्नच्या प्रत्येक लेखात कुठेतरी असायचं, वर लिहिलेलं: अपवाद. मी रेघा सरळ येतात की नाही एवढंच पाहत होते.

टार्ट चार.

२१ मार्च, शनिवार.

जाणार नव्हते. पण तीन डझन टार्ट माझ्याकडे सांगितले होते. निळा ड्रेस घातला नाही. करडा.

चहाच्या गोल टेबलाभोवती नऊ खुर्च्या होत्या. मोजायची इच्छा नव्हती, पण आता सवय लागली आहे. मी किटली घेऊन उभी. लॉर्न टार्ट खात म्हणाला, बर्नी, या टार्टसाठी तरी माणसाने ऐंशी व्हावं. मग हळूच म्हणाला, हाइम्पलसाहेबांना पत्र मिळालं का? मी म्हटलं, कधी ओळखलंत, प्रोफेसर? तो म्हणाला, पहिल्या पानावर. या गावात इतके अर्धविराम वापरणारी एकच बाई आहे.

मग मी विचारलं. इतक्या वर्षांनी विचारलंच. १९७४, बस, काच, चांदणी, आठवतं का? तो म्हणाला, बस आठवत नाही गं, पण काढलं असेल. मी सगळ्यांनाच काढून दाखवायचो. बसमध्ये, न्हाव्याकडे, पाद्रीबाबांना प्रवचनात. एल्साला तर पहिल्याच भेटीत रुमालावर काढून दाखवलं. हिला विसरलीस तर पस्तावशील म्हणालो. तिने तरीही लग्न केलं.

मी त्याच्या कपात साखर घातली. तो साखर घेत नाही.

थोड्या वेळाने पुन्हा म्हणाला, नेमकी हीच चूक मी एकविसाव्या वर्षी केली होती, बर्नी. पान चारवर. तू सहापर्यंत पोचलीस. आणि ते पत्र ज्याने कुणी लिहिलंय ना, भला माणूस असणार. मला त्या वेळी नुसतं ‘चूक’ असं आलं होतं.

मग कुणीतरी त्याला केक कापायला बोलावलं. त्याची खुर्ची रिकामी झाली. नदीन म्हणाली, बसा ना, मिस हाइम्पल. बसले.

२२ मार्च, रविवार.

तब्येत ठीक आहे. पण वय सहासष्ट, जिने बर्फाळ. ही वही कुणी वाचायची नाही. एवढंच पान कॉलीनने वाचावं.

माझ्या जुन्या टाइपरायटरचा, ग्रीक अक्षरं उमटवणारा गोळा नदीनला. काय आहे ते तिला कळणार नाही. टेबलावर ठेव म्हणावं, तेवढाच पसारा.

खिळ्यांची पाटी, दहा खिळ्यांच्या लोकरीसकट, एल्मायराच्या एडगर विस्मर यांना. सोबत माझ्याकडून माफी, हाताने लिहिलेली. चीज नेहमी चांगलं असायचं हेही सांगावं.

चांदणीचा मग लॉर्नला परत. तो माझ्याआधी गेला तर विभागाच्या चहाच्या खोलीत ठेवावा, ज्या कुणाला कप कमी पडेल त्याला.

निळा ड्रेस चर्चच्या सेलला. एकदाही घातलेला नाही, किंमत त्याप्रमाणे लावावी.

सिद्धतेची पानं सात ते तेवीस हिरव्या फाइलमध्ये, अक्षरानुक्रमे, ‘एच’खाली. विस्मर यांच्या बऱ्याच आधी.

पहिली सहा कॉलीनला. ती खरंच चांगली आहेत.