नसबंदीसाठी एक पुरुष पाहिजे

३ डिसेंबर, नांदुरा
डॉक्युमेंटरी सुरू. विषय : पुरुष नसबंदी का करून घेत नाहीत? संस्थेची अट एकच. महिनाअखेर फिल्म, आणि तीत ऑपरेशन करून घेणारा एक तरी पुरुष. किरकोळ काम. बायकोने, प्रतिमाने विचारलं, आपलं काय? तिची दोन सिझेरियन झालीत, अंगात रक्त नाही. डॉक्टरीणबाई म्हणाल्या होत्या, हिचं नको, नवऱ्याचं करा. समजावलं, आधी फिल्म. दिग्दर्शकाने तटस्थ राहावं.

६ डिसेंबर
वडनेर भोलजी. गावचा पार माणसांनी भरलेला होता. विषय काढला, तिघं उरले. तिघांनाही ऐकू कमी येतं. समोरच्या ओट्यावरून गीताबाई नावाची म्हातारी म्हणे, तुही नसबंदी झाली काय बापू? साउंड खराब आला. एडिटमध्ये काढणार.

९ डिसेंबर
गजेंद्र तयार! दोन मुलींचा बाप, ट्रॅक्टर चालवतो. अट : चेहरा दाखवायचा नाही. संध्याकाळी फोन : नावही नको. पुन्हा फोन : गावही नको. मंजूर. पुरुष आहे एवढं कळलं की झालं. अवॉर्डचं भाषण मनात तयार.

१४ डिसेंबर
शिबिर. डॉक्टर हजर, कॅमेरा हजर, गजेंद्र नाही. घरी गेलो. त्याची आई दारातच कडाडली, पोराले अशक्ती आली त ट्रॅक्टर तू चालवशीन काय बे? पोरगा गावाले गेला म्हणे. चपला दारात होत्या. परत आलो तर डॉक्टर मोकळेच बसलेले. म्हणाले, तुम्ही येता का? मी बॅटरी तपासली.

१५ डिसेंबर
झोप नाही. संस्थेचा फोन : पुरुष नाही तर फिल्म नाही. निर्णय झाला. मीच! ऐतिहासिक. प्रतिमाने फक्त तारीख विचारली. एकोणीस. नक्की.

१९ डिसेंबर
कारण निव्वळ तांत्रिक. कॅमेरामन प्रेमानंद मेहुणीच्या लग्नाला गेला. मी टेबलावर, मग कॅमेरा कोण धरणार? शूटिंगशिवाय ऑपरेशन वाया जाईल. नर्स म्हणाली, मी धरते. पण फ्रेमिंग असतं ना काही. घरी सांगितलं, जानेवारीत बघू. प्रतिमाने कॅलेंडरवरची एकोणीसची खूण खोडली. समजूतदार आहे.

२३ डिसेंबर
दुपारी तिच्या शाळेतून फोन. मॅडम ऑपरेशनच्या रजेवरून कधी येणार? मला रजाच माहीत नव्हती. धावत दवाखाना गाठला. आज बायकांचं नसबंदीचं शिबिर. प्रतिमा खाटेवर, पांढरीफटक, रक्ताची बाटली लावलेली. डोळे न उघडता म्हणाली, पोरांना शेजारी ठेवलंय, जेवायला घाला. तुमची फिल्म होऊ द्या सावकाश. नर्सने बाहेर काढलं.

बाहेर बाकावर ओळीने नवरे. कुणी मान वर करत नव्हतं. एकाने शेजाऱ्याला कोपराने ढोसलं. सरक बे, सायबाले बसू दे.

बसलो.