मागचा डावा कोपरा

१२ डिसेंबर

झालं! मालकीणबाईंनी आज चहाच्या वेळी सांगूनच टाकलं. गुडघे साथ देत नाहीत, नाताळच्या सुट्ट्या संपल्या की त्या मुलाकडे राहायला जाणार. बेकरी चालू राहणार, पण भट्टीची किल्ली एकाच्याच हातात. माझ्या, नाहीतर मुनीच्या.

निवडणार कसं? तर चोवीस तारखेला दोघांनी एकेक ट्रे साधी बटर बिस्किटं करायची. लोणी, साखर, मैदा, चिमूटभर मीठ. बस्स. "वर नक्षी नको, आत बदाम नको," हे म्हणताना बाई माझ्याकडेच बघत होत्या.

अकरा वर्षं मी पुढच्या खोलीत केकवर गुलाब काढतेय. फुगे, बदकं, लोकांच्या पोरांची नावं – म्हणाल ते! आणि परीक्षा कसली, तर ज्यावर काहीच काढायचं नाही त्याची.

किल्ली मला हवी आहे. इथे लिहायला कसली लाज? हवी आहे!

१३ डिसेंबर

मुनी हे काही त्याचं नाव नाही. मालकीणबाईंनी पाडलेलं. भट्टीसमोर दिवसभर उभा असतो, ओठ हलत असतात, आवाज शून्य. जप करतो की काय कोण जाणे. हाक मारली तर ओ देत नाही. मग दोन मिनिटांनी वळतो आणि म्हणतो, "काय?" तोवर आपणच विसरलेलो असतो काय ते.

हातात ती लांब लोखंडी आकडी. तिने भट्टीत सारखं काहीतरी खुटखुट चाललेलं असतं. चाळाच आहे त्याला.

पण एक गोष्ट माझ्या बरोब्बर लक्षात आली आहे. भट्टीत चार गोल ट्रे मावतात. मागचा डावा कोपरा कायम त्याचा. मी ट्रे घेऊन गेले की हा मुकाट्याने माझ्या हातातून घेतो आणि पुढे उजवीकडे सरकवतो. अकरा वर्षं! एकदासुद्धा म्हणाला नाही की आज तुम्ही ठेवा मागे. चांगली जागा धरून बसलाय. शहाणा!

१५ डिसेंबर

घरच्या छोट्या ओव्हनमध्ये पहिला घाणा. बिस्किटं पसरली, एकमेकांना चिकटली, अख्ख्या ट्रेचं एकच बिस्किट झालं. सासूबाईंनी चष्मा लावून पाहिलं. "एवढी मोठी चादर कुणाला पांघरायची गं?"

म्हटलं, ओव्हन लहान आहे. म्हणाल्या, "हो हो. नाचता येईना, अंगण वाकडं."

आणि वर चादरीचा अर्धा तुकडा चहात बुडवून खाल्ला!

१६ डिसेंबर

दुसरा घाणा. दगड.

१८ डिसेंबर

आज नाक मुठीत धरून मुनीकडे गेले. विचारलं, "अहो, लोणी नक्की किती मऊ घ्यायचं?" मनात म्हटलं, हा कशाला सांगेल? मी त्याची स्पर्धक. मी तर त्याला सांगितलं नसतं.

त्याने खिडकीतल्या फडक्याखालचं लोणी काढलं. अंगठ्याने दाबलं. खळगा पडला, तसाच राहिला. "असं." मग बाजूचा दुसरा तुकडा दाखवला, तो भट्टीच्या उबेने मऊ होऊन चकाकत होता. "चकाकलं की गेलं." एवढंच. आणि वळला.

खरं सांगायचं तर मी तिथेच उभी राहिले. काम बघत. किती वर्षांनी बघितलं असेल त्याचं काम? तो लोणी-साखर फेटतो ती मनगटाने नाही, खांद्याने, सावकाश. पांढरं झालं की थांबतो. एक फेरासुद्धा जास्त नाही. मैदा पडला की हाताची चालच बदलते – नुसतं गोळा करतो, मळत नाही. मी मळत होते. म्हणून दगड! गोळ्याची लांब वळी करून थंड जागी ठेवतो आणि तासाभराने सुरीने चकत्या पाडतो. पट्टी नाही, माप नाही. मी त्यातल्या सहा चोरून एकमेकींवर ठेवून पाहिल्या. सारख्या! सहाच्या सहा सारख्या!

राग आला. आणि रागापेक्षा कौतुकच जास्त वाटलं. हे कुणाला सांगणार नाही मी. म्हणून इथे लिहितेय.

२० डिसेंबर

जमलं! जमलं! जमलं!

कडा कोरीव, मध्ये फिकट, तोंडात टाकलं की विरघळतंय. सासूबाईंनी दोन खाल्ली. तिसरं उचलताना म्हणाल्या, "बरं झालंय." त्यांच्या तोंडून "बरं" म्हणजे माणसाने फोटो काढून भिंतीला लावावा.

एक घोर मात्र आहे. पीठ आता माझंही चांगलं, त्याचंही चांगलं. मग फरक कशाने पडणार? जागेने! तो मागच्या डाव्या कोपऱ्यात भाजणार आणि मी पुढे, दारापाशी, जिथे दार उघडलं की गार हवा लागते.

२२ डिसेंबर

गर्दी, गर्दी, गर्दी. सुट्टी लागल्यापासून दारात रांग हटत नाही. पाय सुजलेत.

संध्याकाळी मुनीला सरळ सांगितलं. "परवा मागचा डावा कोपरा माझा. अकरा वर्षं तुम्ही वापरलात."

तो आकडी टेकवून माझ्याकडे बघत राहिला. म्हणाला, "तिथे नको."

बघा! आलं की नाही पोटातलं ओठावर? मी म्हटलं, "का? तुमच्या नावाची पाटी लागली आहे का तिथे?" तो काहीतरी बोलणार होता, पण तेवढ्यात ओठ हलायला लागले आणि भट्टीकडे वळला. संपलं बोलणं. सगळ्यातून सुटायचा सोपा मार्ग आहे त्याचा हा!

२४ डिसेंबर

सगळं क्रमाने लिहिते, नाहीतर आनंदात राहून जाईल.

सकाळी मीच आधी पोचले. मुनी यायच्या आत माझा ट्रे मागच्या डाव्या कोपऱ्यात सरकवला. पाठोपाठ तो आला. बघितलं. माझ्या वाट्याच्या जागेवर, पुढे उजवीकडे, आपला ट्रे ठेवला. भांडला नाही. मीच भांडले! "माझ्या ट्रेला हात लावायचा नाही हं. शपथ घ्या." त्याने मान हलवली. होकारार्थी की नकारार्थी, नीट पाहिलं नाही मी.

आणि तेवढ्यात बाहेरून मालकीणबाईंची हाक – रांग दारापर्यंत गेलीय, ये गं लवकर! पळाले. डबे भर, फिती बांध, सुटे दे. हात बाहेर, जीव आत. एकाच डब्याला दोनदा फीत बांधली. चौदा मिनिटांनी पोचले, तर दोन्ही ट्रे बाहेर निघालेले. माझा ट्रे... काय सांगू! सोनं. एकूण एक बिस्किट एका रंगाचं. त्याच्या ट्रेतली मात्र कडेने जरा जास्त झाली होती. मुनी भिंतीला टेकून घाम पुसत होता. मनात म्हटलं, बघ, जागा गेली तर काय झालं तुझं!

मालकीणबाईंनी डोळे मिटून दोन्ही बशांतलं एकेक खाल्लं. माझं कानाशी नेऊन मोडलं, मोडल्याचा आवाज ऐकला. मग परत एक घेतलं. म्हणाल्या, "ही."

किल्ली माझ्या हातात दिली. केवढी जड आहे ती! मी रडले. सगळ्या ग्राहकांसमोर, नाक लाल होईपर्यंत रडले.

मुनी म्हणाला, "शोभेल." मग पिशवी उचलून बहिणीच्या गावी गेला. सुट्टी आहे त्याची, दोन तारखेपर्यंत. माणूस दिलदार आहे, हे मानलंच पाहिजे. मी हरले असते तर भांडी आपटली असती.

२५ डिसेंबर

बेकरी बंद. सासूबाई शेजारपाजारच्यांना घरी बोलावून किल्ली दाखवतायत. "आमच्या हिची!"

२७ डिसेंबर

अक्षर वाईट येतंय, पण लिहिते.

सकाळी थाटात भट्टी उघडली. बिस्किटांचा पहिला ट्रे माझ्या कोपऱ्यात. माझ्या! पुढे जाऊन काउंटर लावलं, चौदा मिनिटांनी परत आले. अर्धी काळी. कोळसा. अर्धी कच्ची, बोटाला चिकटणारी. एकाच ट्रेत!

दुसरा ट्रे तिथेच ठेवला. तसाच. तिसरा पुढे उजवीकडे ठेवला. तो सुरेख निघाला.

मालकीणबाईंना फोन लावला. म्हटलं, कोपरा बिघडलाय, दुरुस्तीवाल्याला बोलवू का?

त्या हसल्या. "अगं, तो कोपरा पहिल्यापासून तसाच आहे. दोन दुरुस्तीवाले हात टेकून गेले. आच एकाच बाजूने लागते तिथे. साठ आकडे झाले की ट्रे फिरवायचा, परत साठ, परत फिरवायचा. एक फेरी चुकली तर संपलं. म्हणून तर मुनी मोजत असतो दिवसभर."

मी हातातला काळा ट्रे खाली ठेवला.

"तुला ठाऊक नाही? तू नवीन आलीस ना, तेव्हा तोच म्हणाला – नव्या बाईंचा ट्रे पुढे ठेवू, पहिल्याच दिवशी करपला तर उद्या यायच्या नाहीत. मग तीच रीत पडली."

मी म्हटलं, चोवीस तारखेचा माझा ट्रे त्या कोपऱ्यातच होता. मी बाहेर फिती बांधत होते.

त्या म्हणाल्या, "शक्यच नाही. तिथून न फिरवता एकही ट्रे धड निघालेला नाही."

शक्य आहे, बाई. मला आता लख्ख दिसतंय. त्याने माझी शपथ घेतलीच नव्हती. चौदा मिनिटं तो माझा ट्रे फिरवत होता आणि आपल्या ट्रेकडे त्याचं लक्षच राहिलं नाही. आणि मी आले ती नाक वर करून!

मालकीणबाईंना सगळं सांगितलं. चादर, दगड, लोण्यातला अंगठा, सगळं. म्हटलं, किल्ली त्याची आहे. त्या म्हणाल्या, "दिली मी तुला. आता तू आणि तुझं मन."

अकरा वर्षं! मी त्याच्यावर जळत होते, आणि हा माणूस माझ्या वाटणीची आच सोसत उभा होता. एक शब्द न बोलता. म्हणजे बोलला तरी कधी असता? आकडा चुकला असता ना!

२९ डिसेंबर

घाणा चौथा, कोपऱ्यात. फिरवून. एका बाजूला काळा.

३० डिसेंबर

सहावा. मधेच सासूबाईंचा फोन आला, आकडा हुकला. काळा. मी फोनवर ओरडले, "मोजतेय!" त्या म्हणाल्या, "काय मोजतेयस गं? आणि उलट कशाला बोलतेस?"

३१ डिसेंबर

नववा. खाण्यासारखा. मुनीसारखा नाही. त्याच्यासारखा व्हायला अकरा वर्षं लागतील.

२ जानेवारी

मुनी आला. किल्ली त्याच्या ॲप्रनच्या खुंटीला अडकवलेली होती. पुढची उजवी जागा त्याच्यासाठी रिकामी. माझा ट्रे मागच्या डाव्या कोपऱ्यात आणि आकडी माझ्या हातात. त्याने किल्लीकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं, तोंड उघडलं. मी हात वर केला – थांबा!

मी बावन्नपर्यंत आले होते. तो शेजारी येऊन उभा राहिला आणि म्हणाला, "साठ झाले. हळू मोजता, बाई."

मी ट्रे फिरवला.