सूचना वहीतलं कोरं अर्धं पान

बाई, थांबा, आज मी बोलणार आहे. कंदील म्हणालात तुम्ही मला. वाचनालयाच्या भिंतीतल्या त्या लोखंडी कड्या कंदील टांगायला होत्या, हे तुमचंच; गावात वीज नव्हती तेव्हा लोक त्या उजेडात वाचायचे, ही भर माझी. आणि कड्या आहेत कुठे, तर कमरेच्या उंचीवर. एवढ्या खाली कंदील कोण टांगतं हो? तुम्हाला जाऊन नऊ वर्षं झाली आणि हा प्रश्न मला आज दुपारी पडला. वाचनालयातल्या तुमच्याच खुर्चीत बसून लिहितेय, ऑफिसच्या पाठकोऱ्या कागदांवर. कागद तेवढे तुम्हाला आवडले असते.

कपाटं रिकामी झालीत, पुस्तकं खोक्यांत गेलीत. सोमवारी इमारत पाडतायत. इथे अकरा मजले येणार, तळमजल्यावर वाचनालयाला एक हॉल मिळणार, आणि त्याच्या दारात एक दगडी पाटी: या जागेचा इतिहास, दहा ओळींत. त्या ओळी माझ्याकडे आल्या, कारण कॉलेजात असताना आपल्या स्मरणिकेत कंदिलांवर लेख लिहिला होता तो मीच. तेव्हापासून अख्खं हडपसर तेच सांगतं. वाचनालयाचे सेक्रेटरी तर प्रत्येक भाषणात सांगतात. आज पाचच्या आत मजकूर दगड कोरणाऱ्याला द्यायचाय. खराडीत मी दिवसभर सॉफ्टवेअरची हेल्प पेजेस लिहिते, त्यामुळे दहा ओळी म्हणजे चहा निवायच्या आत होतील असं वाटलं होतं.

कड्या पहिल्यांदा दिसल्या तेव्हा मी चौथीत होते. नुकतं आमच्या गल्लीत केबल आलं होतं आणि दुपारी वाचनालयात चिटपाखरू नसायचं. मी फरशीवर पोटावर पडून वाचतेय, पेन्सिल हातातून सुटते आणि घरंगळत मागच्या मोरीशी जाऊन थांबते. रोज, तिथेच. मी तुम्हाला कड्यांचं विचारते. तुम्ही शिक्का मारता मारता, मान वर न करता म्हणता, "वेळेवर पुस्तक न आणणाऱ्यांना बांधायला." तसं तुम्ही कुणालाच सोडायचा नाहीत. एक गृहस्थ दारात उभे राहून वाचनालय उघडं आहे का विचारत होते, तर तुम्ही म्हणालात, नाही, मी दाराला हवा दाखवतेय. पण मी तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा ओरडलात. तोंडी विचारायचं नाही, सूचना वहीत लिहायचं, उत्तर आठ दिवसांनी तिथेच वाचायचं. दाराशी सुतळीने बांधलेली ती वही. तोंडाने तुम्ही काय वाट्टेल ते ऐकवायचात, वहीत मात्र कधी टोमणा मारला नाहीत. मी लिहिलं. आठव्या दिवशी आले तर समोर सेक्रेटरी बसलेले. मला धीर धरवेना, पुन्हा तोंडीच विचारलं. तुम्ही त्यांच्याकडे एकदा बघितलंत आणि म्हणालात, "कंदिलांसाठी."

आज खालच्या खणात जुन्या सूचना वह्या सापडल्या. पंखा आवाज करतो, पेपर कुणीतरी फाडून नेला, हे सगळं वाचत बसले आणि एका पानावर माझं अक्षर. कड्या कशासाठी आहेत, आणि पेन्सिल मोरीकडेच का जाते? खाली तुमचं उत्तर, लाल शाईत. "हा पूर्वी गावचा कोंडवाडा होता. लोकांच्या शेतात शिरलेली मोकाट गुरं इथे आणून कोंडत आणि कड्यांना बांधत. शेण धुऊन निघावं म्हणून फरशीला उतार आहे. माझे वडील इथले राखणदार होते. आणखी विचारायचं असेल तर खाली लिहावे." आणि खाली अर्धं पान कोरं. बसच्या तिकिटामागे याद्या करणाऱ्या बाईंनी अर्धं पान सोडलं होतं. पुढची तक्रार पुढच्या पानावर सुरू होते.

मी सेक्रेटरींना फोन केला. त्यांना माहीत होतं. म्हणाले, "अगं, आमची म्हैस दोनदा आत होती. बाईंच्या बापाला निम्मं गाव शिव्या घालायचं, माझा बाप सगळ्यात पुढे." मग म्हणाले, कोंडवाडा मात्र नको टाकूस, लोक फ्लॅट बघायला येतात. मग काय टाकू, मी विचारलं.

"कंदील आहे की. तूच तर लिहिलंयस."

तेव्हा कळलं, तुम्ही त्या दिवशी त्यांच्याकडे का बघितलंत ते. ज्या दारावर वडिलांनी शिव्या खाल्ल्या, त्याच दारात बसून तुम्ही शिव्या घालणाऱ्यांच्या मुलांना पुस्तकं दिलीत. इथे बसून तुम्हाला काय वाटायचं? ही नोकरी मुद्दाम मागून घेतलीत, की आली तशी केलीत? आणि सगळ्यांसमोर जे बोलला नाहीत, ते सगळ्यांना दिसेल अशा वहीत का लिहिलंत? मला वाटतं, तुम्हाला ते लपवायचं नव्हतंच. कुणीतरी दाराशी उभं राहून वाचायला हवं होतं.

मजकूर आत्ताच पाठवला, थेट दगडवाल्याला. कोंडवाडा, कड्या, उतार, राखणदार आणि त्यांची मुलगी. नऊ ओळींत बसलं. सेक्रेटरींचा फोन वाजतोय. वाजू दे.

हे कागद माझ्या पर्समध्येच राहतील. वहीतल्या कोऱ्या जागेत मी एकच ओळ लिहिलीय: तुमचे वडील गुरांशी काय बोलायचे? वही बाहेर न्यायची नाही हा तुमचाच नियम, ती खोक्यात ठेवतेय, पुस्तकांबरोबर नव्या हॉलमध्ये जाईल.

आणि एक. "कंदिलांसाठी" म्हटल्यावर तुम्ही पुढे म्हणाला होतात, "आता वहीत बघ." मला ऐकू आलं होतं, बाई. वही दाराशीच होती, मी ती न उघडताच पुढे गेले. मला कंदील आवडले होते.

निघते. आठ दिवस थांबायला इथे जागाच उरणार नाही.