दुभाष्याची मुलगी

बाबा, येत्या शनिवारी एक गृहस्थ माझ्या घरी येणार आहेत आणि मला भीती वाटते आहे. आईही आता नाही. तुमच्याखेरीज कुणाला सांगता येण्यासारखं नाही, म्हणून तुम्ही गेल्यावर बारा वर्षांनी लिहायला बसले.

आपल्या कार्डिफच्या घरी संध्याकाळी बेल वाजली की तुम्ही आधी दिवाणखान्यातला दिवा घालवायचात. दारात बहुतेक शेजारची म्हातारी असायची. एवढे हॉस्पिटलातले डॉक्टर आणि म्हातारीला घाबरतात, म्हणून आई हसायची. मी जिन्यात बसून तुमच्याकडे बघते आहे, तुमचा हात अजून बटणावरच आहे. कोण येणार आहे, असं मी विचारते. तुम्ही तो प्रश्न आधी स्वतःशी पुटपुटता, ‘कोण येणार आहे’, आणि मग म्हणता, कुणी नाही. कुणीही काहीही विचारलं तरी तुमचं तसंच. आई आणि मी तुमची नक्कल करून पोट धरून हसायचो.

गोव्याबद्दल तुम्ही कधी बोलला नाहीत. पोर्तुगीज तर घरात काढायचीच नाही. म्हणून मी हट्टानं तीच शिकले, तिच्यातच लिहायला लागले. पहिली गोष्ट छापून आली तेव्हा तुम्ही अंक न उघडता म्हणालात, “तुला ही भाषा गोड लागते, कारण तिच्यात तुला कुणी काही विचारलेलं नाही.” मी आठवडाभर अबोला धरला होता.

पुढे फिल्म करायला लागले. गेल्या महिन्यात ब्रिस्टलला एका वयस्क गोवेकरांच्या किचनमध्ये कॅमेरा लावला. पोर्तुगिजांच्या राज्यात ते तरुणपणी तुरुंगात होते. मारहाणीबद्दल ते बिस्किट बुडवत मजेत बोलले. मग दुभाष्याचा विषय निघाला. पोलिसांनी कॉलेजातला एक मुलगा धरून आणला होता, यांचं मराठी पोर्तुगीजमध्ये सांगायला. प्रत्येक प्रश्न तो आधी स्वतःशी पुटपुटायचा. आपल्यातलाच म्हणून यांनी त्याला हळूच दोन मित्रांची नावं सांगितली, त्यांना पळून जायला सांग म्हणाले. त्यानं त्याचंही भाषांतर केलं. ते दोघे परत आले नाहीत.

मी कप खाली ठेवला, कारण तो बशीवर वाजायला लागला होता. इतका वेळ तुरुंगात शिकलेली पोर्तुगीज बोलणारे ते एकदम मराठीत म्हणाले, “तुझे वडील कुठले गं?”

मी म्हणाले, पुण्याचे. पुण्याची तर आई. मी निघताना ते म्हणाले, फिल्म झाली की मी तुझ्याकडेच येऊन बघेन.

तुम्हाला नाकारलं, याची लाज वाटते, बाबा. पण भीती त्याची नाही. ‘पुण्याचे’ म्हणण्याआधी मी त्यांचा प्रश्न स्वतःशी पुटपुटले होते.