वहिनींच्या दिवाणखान्यातली मुलगी

मी, टॅबिथा लॉथ्रप, वय वर्षे एकसष्ट, अविवाहित, धंदा तसबिरी रंगवणे, राहणार न्यूबरीपोर्ट, मॅसॅच्युसेट्स, पाय सुजलेले पण डोके ठिकाणावर असताना, कोणाच्या सांगण्यावरून नव्हे तर स्वतःच्या राजीखुशीने, माझ्या मागे माझ्या चीजवस्तूंचे काय करायचे ते लिहून ठेवत आहे. आधीचे मृत्युपत्र रद्द समजावे. त्यात मी फार मऊपणा केला होता.

कलम पहिले. वॉटर स्ट्रीटवरचे घर भांड्याकुंड्यांसह केझाया फ्रीमन हिला द्यावे. तिने सोळा वर्षे माझे रंग खलले आणि माझी कटकट ऐकली. हे घर माझ्या कमाईचे आहे. वडिलांचे घर दादाला गेले. मला एक गाय आणि सहा चमचे मिळाले, त्यातली गाय दादानेच विकून खाल्ली.

कलम दुसरे. माझा थोरला भाऊ असाहेल याला माझा सर्वांत जाड कुंचला द्यावा, दुकानांच्या पाट्या रंगवायचा. दादाला अक्षरे छान जमतात, विशेषतः स्वतःच्या नावाची. बारा वर्षे चेहरे मी रंगवले आणि खाली नाव त्याने घातले. जहाजांचे कप्तान त्याची पाठ थोपटून जात, मी आत कुंचले धूत बसे. एकदा तोंड उघडले, तेव्हा ड्रुसिलावहिनी म्हणाल्या, “तुम्हाला नाव कशाला हवंय, वन्सं? नवरा नाही, मूल नाही. वाचणार कोण ते?” त्याच आठवड्यात मी पोर्टलंडला निघून गेले. त्यानंतर कित्येक वर्षे वहिनींनी मला उंबरा ओलांडू दिला नाही.

कलम तिसरे. हे वहिनींसमोर मोठ्याने वाचावे.

१८०६ साली त्यांची एकुलती एक फिलिना घशाच्या रोगाने गेली. मी पोर्टलंडहून येऊन पोचले तोवर तिला पुरून झाले होते. घरात तिचे एकही चित्र नव्हते, आणि मी तर पोरीला लांबून दोनदाच पाहिलेले. वहिनी माझे हात धरून रडल्या. “वन्सं, कसंही करा, पण माझी पोर मला परत द्या हो!”

मी दिली. धक्क्यावरच्या मासेवाल्याची सहा वर्षांची हल्डा आल्याच्या केकसाठी दोन दुपारी गप्प बसली. तिला मी फिलिनाचा निळा झगा घातला आणि चेहरा हल्डाचाच रंगवला. तसबीर बघताच वहिनी ओरडल्या, “हीच गं बाई माझी फिलिना!” आणि ओल्या रंगालाच मिठी मारली. खाली दादाने आपले नाव घातले.

गेली एकोणीस वर्षे वहिनी दर रविवारी त्या तसबिरीशी बोलत बसतात. आणि दर शनिवारी हल्डा खारवलेला मासा घेऊन आली की म्हणतात, “मागच्या दाराने ये गं, पायऱ्या घाण करशील!”

हल्डाचे तेव्हाचे पेन्सिलीचे रेखाटन माझ्या पेटीत आहे. खाली तिचे नाव आणि माझी सही आहे. ते हल्डाने स्वतः, पुढच्या दाराने जाऊन, वहिनींच्या हातात द्यावे. दिले तर माझी बँकेतली सगळी शिल्लक तिची.

हे वाचून दाखवले तेव्हा केझाया रंग खलायची थांबली.

“बाई, खोडा ते. म्हातारी जीव देईल.”

“देऊ दे.”

“अहो, तिचं लेकरू दुसऱ्यांदा जाईल! तुमच्या पदरात काय पडणार?”

“माझं नाव ती वाचेल.”

तेव्हापासून केझाया माझ्याशी बोलत नाही. घर तरीही तिचेच. कलमही तसेच राहील. मला वाईट वाटते आहे, पण तिच्यासाठी, वहिनींसाठी नाही.

वहिनी, रेखाटन आणि तसबीर शेजारी शेजारी धरा आणि नीट बघा. मग डोळे मिटा, आणि तुमच्या स्वतःच्या फिलिनाचा चेहरा आठवून बघा.

आठवला, तर मी हरले.

वरील मजकूर मी पुन्हा वाचला. एक शब्दही बदलायचा नाही. खालील तिघांदेखत सही केली.

टॅबिथा लॉथ्रप

साक्षीदार:
ओबेड टिटकॉम, शिडे शिवणारा
प्रुडन्स हेल, शेजारीण
जॉब ग्रीनलीफ, कारकून

न्यूबरीपोर्ट, ९ मार्च १८२५